सरवा

फिल्म क्लबच्या पत्रकासाठी मला आठ-दहा ओळी लिहून द्यायच्या होत्या आणि पहिल्याच ओळीत गाडी अडली होती. आन्येस वार्दा या फ्रेंच दिग्दर्शिकेच्या २००० सालच्या माहितीपटाचं नाव मराठीत कसं करायचं? मूळ नाव ‘ले ग्लानर ए ला ग्लानोझ’. ‘वेचणारे आणि वेचणारी’ लिहिलं, तर पहाटे प्राजक्ताची फुलं वेचायला निघालेली माणसं डोळ्यांपुढे आली. ‘गोळा करणारे’ म्हटलं तर गणपतीची वर्गणी. शब्दकोशात ‘उंछवृत्ती’ सापडली. ती छापली असती तर त्या रविवारी क्लबाकडे कुणी फिरकलं नसतं.

लॅपटॉप जेवणाच्या टेबलावर, फिल्म चालू, आणि समोर आई मेथी निवडत बसलेली. पडद्यावर मोकळ्या रानात बटाट्यांचा ढीग ओतलेला आणि पिशव्या घेतलेली माणसं वाकून पुढेपुढे चाललेली. आईनं चष्मा कपाळावर सरकवला, जरा वेळ बघितलं आणि पुन्हा मेथीत डोकं घालत म्हणाली, “सरवा वेचत्यात की.”

झालं. शब्द घरातच होता.

शहरात वाढलेल्यांसाठी सांगते. पीक काढून नेल्यावर रानात जे मागं राहतं तो सरवा. भुईमूग उपटला की देठ तुटून मातीत राहिलेल्या शेंगा, बाजरी काढल्यावर निसटलेली कणसं, नांगराच्या फाळातून सुटलेले बटाटे. आईचं माहेर मंचरच्या बाजूचं. तिच्या लहानपणी घरची जमीन नावापुरती, त्यामुळे आजी सुगीनंतर दुसऱ्याच्या रानात सरव्याला जायची आणि सात-आठ वर्षांची आई तिच्यामागं. नियम कुठं लिहिलेला नव्हता, पण सगळ्यांना पाठ होता. मालकाचं शेवटचं पोतं बांधापर्यंत गेल्याशिवाय रानात पाय टाकायचा नाही. आणि मालकानं एकदा गुरं सोडली की संपलं, पुढचं गुरांचं. या दोहोंच्या मधल्या एक-दोन दिवसांत खुरप्यानं ढेकळं फोडत जे सापडेल ते आपलं. दिवसभर वाकून ओटीभर शेंगा. आईच्या बोलण्यात त्या शेंगांपेक्षा पाठीचा उल्लेख जास्त येतो.

वार्दाच्या फिल्ममध्ये एक वकील काळा झगा चढवून, हातात दंडसंहितेचं लाल पुस्तक घेऊन थेट शेतात उभे राहतात आणि हाच नियम वाचून दाखवतात. फ्रान्समध्ये १५५४ सालच्या राजाज्ञेपासून तो लिहून ठेवलेला आहे: पीक निघाल्यावर गोरगरिबांनी सूर्योदय ते सूर्यास्त या वेळात रानात राहिलेलं वेचावं. आई म्हणाली, “एवढं लिहायला कशाला पाहिजे?” मग थोड्या वेळानं, “लिहिलेलं बरंच. आमच्याकडं काही मालक हाकलून द्यायचे.”

त्या फिल्मची सुरुवात मिले या फ्रेंच चित्रकाराच्या प्रसिद्ध चित्रापासून होते. १८५७ सालचं, तीन बायका वाकून कणसं वेचताहेत ते. मग वार्दा आपल्याला उत्तर फ्रान्समधल्या आरास या शहराच्या संग्रहालयात नेते. तिथं झ्यूल ब्रेतोंच्या चित्रात एकटीच बाई खांद्यावर पेंढी घेऊन ताठ उभी आहे. वार्दाही तशीच त्या चित्राशेजारी खांद्यावर पेंढी घेऊन उभी राहते. मग ती पेंढी टाकून देते आणि कॅमेरा उचलते. नावातली ती एकवचनी ‘वेचणारी’ कोण, हे तिथं कळतं.

बटाट्यांचं प्रकरण असं. दुकानांना ठरावीक मापाचा बटाटा लागतो. फार मोठा, फार बारका, वाकडा, हिरवट, फाळ लागलेला असा सगळा माल ट्रकनं पुन्हा रानात आणून ओततात. आपल्याकडे मंचरच्या बाजारात कांद्याची प्रतवारी होते तेव्हा गोळा, गोल्टी आणि शेवटी बदला, म्हणजे कमी प्रतीचा माल, असे ढीग पडतात, ते ज्यांनी पाहिलेत त्यांना हे वेगळं सांगायला नको. तर त्या बदला मालाच्या ढिगात वार्दाला दोन कंद जुळून बदामाच्या आकाराचा झालेला एक बटाटा मिळतो. ती तो झडप घालून घेते. आणखी मिळतात, तेही घेते. एका हातात बटाटा, दुसऱ्या हातात कॅमेरा. डिजिटल कॅमेरे नुकतेच मुठीत मावतील एवढे झाले होते, आणि वार्दानं तेव्हा सत्तरी ओलांडली होती. गाडीतून जाताना ती समोरच्या ट्रकांना बोटांच्या कडीत पकडते, लहान मुलं खेळतात तशी. मग तोच हात कॅमेऱ्याजवळ आणते. डाग, सुरकुत्या, वर आलेल्या शिरा. आपला हात आपल्यालाच अनोळखी प्राण्यासारखा दिसतो हे ती इतक्या शांतपणे दाखवते, की मी माझा हात टेबलाखाली घेतला होता.

एके ठिकाणी ती कॅमेरा बंद करायला विसरते. कॅमेरा हातात लोंबकळतोय, खाली जमीन सरकतेय आणि भिंगाचं झाकण दोरीला लटकून नाचतंय. कुणीही ते फुटेज पुसून टाकलं असतं. वार्दानं त्याला जॅझ लावलं आणि फिल्ममध्ये ठेवलं. मला विचाराल तर तिची सगळी कारकीर्द त्या झाकणात आहे: दुसऱ्यांनी टाकून दिलेलं आणि स्वतःच्या हातून सांडलेलं, दोन्ही तिनं वाकून उचललं.

मूळची ती फोटोग्राफर. १९२८ साली ब्रसेल्सजवळ जन्म, वडील ग्रीक, आई फ्रेंच. घरचं नाव आर्लेत. ते अठराव्या वर्षी तिनं स्वतःच बदललं. १९४० मध्ये युद्धामुळे कुटुंब पळून दक्षिण फ्रान्समधल्या सेत या बंदराच्या गावी आलं आणि चक्क एका बोटीवर राहिलं. पुढे झां व्हिलार यांच्या नाटक मंडळीची छायाचित्रं काढता काढता ती १९५४ मध्ये सेतच्याच ‘ला प्वांत कुर्त’ या कोळीवस्तीत सिनेमा करायला गेली. तोवर तिनं पाहिलेले सिनेमे दोन्ही हातांच्या बोटांवर मोजण्याइतके. सिनेमाच्या शाळेत गेली नव्हती, कुणाची सहायक नव्हती. तिच्याजवळ अमेरिकन लेखक फॉकनरच्या एका कादंबरीतून उचललेली रचना होती: एका प्रकरणात ही गोष्ट, पुढच्यात ती, आणि दोघींनी एकमेकींच्या अंगणात जायचं नाही. एका बाजूला लग्न मोडायच्या काठावरचं जोडपं, दुसऱ्या बाजूला शिंपले काढणारे कोळी आणि त्यांच्यामागं लागलेले सरकारी तपासनीस. पैसे नव्हते म्हणून कलाकार-तंत्रज्ञांची सहकारी भागीदारी केली. संकलनाला पुढे मोठे दिग्दर्शक झालेले अलँ रेने बसले. एकदा फीत बघताना ते म्हणाले, हे व्हिस्कोन्ती या इटालियन दिग्दर्शकासारखं वाटतंय. तिनं विचारलं, कोण व्हिस्कोन्ती?

त्या सिनेमातलं जोडपं मला आजही सहन होत नाही. दोघं पुतळ्यांसारखी उभी राहून प्रेमावर निबंध म्हणतात. पण कोळ्यांचा भाग पाहा: वाळत घातलेली जाळी, दारात बसलेल्या म्हाताऱ्या, खेळणारी पोरं, गल्लीतून फिरणारी मांजरं. स्वतःचं आयुष्य स्वतःच करून दाखवणारी माणसं. फ्रेंच सिनेमातली ‘न्यू वेव्ह’ ही नवी लाट ज्यांच्या नावानं ओळखली जाते त्यांपैकी त्रुफोचा पहिला मोठा सिनेमा १९५९ चा, गोदारचा १९६० चा. त्यांच्याआधी चार-पाच वर्षं ही पोरगी स्टुडिओबाहेर, उसन्या पैशांवर, खऱ्या माणसांत सिनेमा करून मोकळी झाली होती. बक्षीस काय मिळालं? तिशीतच ‘न्यू वेव्हची आजी’ ही पदवी. वडीलधारी केलं की बाजूला बसवता येतं, ही युक्ती सगळीकडची.

‘क्लेओ पाच ते सात’ (१९६२) तिचा सर्वांत प्रसिद्ध सिनेमा, त्यामुळे त्याच्यावर फार थांबत नाही. निर्मात्याकडे रंगीत, खर्चिक सिनेमाचे पैसे नव्हते, मग एकच शहर, एकच दिवस, कृष्णधवल. कर्करोगाच्या तपासणीचा निकाल यायचा आहे आणि एक गायिका पॅरिसमध्ये भटकते आहे. घड्याळं खरी, रस्ते खरे. मध्यावर ती डोक्यावरचा केसांचा टोप काढून फेकते, काळा झगा घालते आणि बाहेर पडते. तोवर सगळे तिच्याकडे बघत होते. तिथून पुढे ती बघायला लागते. एवढंच लक्षात ठेवून बघा.

मला जास्त ओढ आहे ती ‘दागेरेओतिप’ या तिच्या माहितीपटाची. १९५१ पासून वार्दा पॅरिसच्या रू दागेर या गल्लीत राहत होती. ८६ नंबरचं, अंगण असलेलं जुनं घर. शेवटपर्यंत तिथंच राहिली. १९७२ मध्ये मुलगा झाला. तान्हं मूल, बाहेरगावी चित्रीकरण अशक्य. आपल्याकडे या टप्प्यावर बायका काय करतात ते आपल्याला माहीत आहे. मीही तेच केलं, चार वर्षं. वार्दानं घरातल्या विजेच्या मीटरपासून एक वायर काढली, ८०-९० मीटरची. ती जिथवर पोचेल तिथवर शूटिंग करायचं. वायर संपली की सिनेमाची हद्द संपली. त्या हद्दीत आले पाववाला, खाटीक, शिंपी, घड्याळवाला, गाडी शिकवणारा आणि ‘निळं काटेफूल’ नावाचं एक धुळकट अत्तराचं दुकान. दुकानदार म्हातारा आपल्या हातानं बाटल्या भरून देतो. त्याच्या बायकोला विसरण्याचा आजार आहे. ती फारसं बोलत नाही, पण दिवस मावळायला लागला की उठून दाराशी जाते, जणू कुठेतरी निघायचंय. दार उघडते, थोडी उभी राहते, परत येते. वार्दा त्यावर काही बोलत नाही. कॅमेरा फक्त त्या दाराशी थांबतो. वायरीच्या टोकाला असलेलं आख्खं जग तिला तिथं सापडलं आणि ते कुणी उचललं नव्हतं, कारण ती नुसती रोजची दुकानं होती.

लिहिणं आणि दिग्दर्शन या तिच्या लेखी दोन नोकऱ्या नव्हत्या. त्यासाठी तिनं शब्दच घडवला, ‘सिनेएक्रित्यूर’. सिनेलिखाण म्हणूया. संवादांची वही म्हणजे लेखन नव्हे; जागा कुठली, कुठल्या ऋतूत, कॅमेरा कुठून कुठे, कापड कसलं, आवाज कुठला, काप कुठे, हे सगळं मिळून लिखाण. १९८५ च्या ‘सां त्वा नी ल्वा’त हे स्पष्ट दिसतं. फ्रेंचमध्ये एक वाक्प्रचार आहे, ‘ना धर्म ना कायदा’. एक अक्षर बदलून तिनं केलं ‘ना छप्पर ना कायदा’. हिवाळ्यातलं दक्षिण फ्रान्स, द्राक्षाचे ओकेबोके मळे, आणि चरात थंडीनं गोठून मेलेली एक तरुण मुलगी, मोना. मग ती ज्यांना ज्यांना भेटली त्यांच्या तोंडून मागची गोष्ट. मोना झालेली सांद्रीन बोनेर जेमतेम अठराची. मोना अस्वच्छ आहे, कृतघ्न आहे, आभार मानत नाही, स्वतःबद्दल काही सांगत नाही. सिनेमाभर मधूनमधून एक चाल येते: मोना उजवीकडून डावीकडे चालतेय, कॅमेरा तिच्याबरोबर सरकतोय. आपण वाचतो त्याच्या उलट्या दिशेनं. आणि गंमत म्हणजे कॅमेरा तिच्यापाशी थांबत नाही. तिला ओलांडून एखाद्या गंजक्या औतापाशी, भिंतीपाशी येऊन उभा राहतो, आणि पुढची चाल सुरू होते ती तसल्याच वस्तूपासून. मुलगी रस्त्याकडेच्या भंगारासारखी एक गोष्ट होऊन जाते, आणि तरी सिनेमा तिच्यामागून चालायचं सोडत नाही. या सिनेमाला व्हेनिस महोत्सवाचा सर्वोच्च पुरस्कार, सुवर्णसिंह, मिळाला. श्रेयनामावलीत ‘लेखन-दिग्दर्शन’च्या जागी लिहिलंय: सिनेलिखित, आन्येस वार्दा.

आपटलीही बऱ्याचदा. सिनेमाच्या शताब्दीला, १९९५ मध्ये, तिनं निम्म्या युरोपातले नट गोळा करून एक मोठा सिनेमा केला, तो चालला नाही. आणि खरं सांगायचं तर तो कंटाळवाणा आहे. ताऱ्यांच्या गर्दीत तिला वाकायला जागाच उरली नव्हती. त्याआधी १९६६ मध्ये ‘ले क्रेआत्यूर’ असाच पडला होता, कात्रीन दनव आणि मिशेल पिकोली यांच्यासारखे नट असूनही. पण पुढची गोष्ट ऐका. चाळीस वर्षांनी, २००६ मध्ये, पॅरिसमधल्या कार्तिए फाउंडेशनच्या प्रदर्शनासाठी तिनं त्या पडलेल्या सिनेमाच्या फिती डब्यांतून काढल्या आणि त्यांचीच भिंतींसारखी तोरणं लावून एक झोपडी बांधली. उजेड फितींतून आत यायचा, आणि जवळ जाऊन पाहिलं की त्या उजेडात इवलीशी दनव. झोपडीला नाव दिलं होतं, ‘माझी अपयशाची झोपडी’.

झाक देमीबद्दल थोडंच लिहिते. तोही दिग्दर्शक. १९६२ मध्ये लग्न, मधली काही वर्षं दुरावा, मग पुन्हा एकत्र. तो आजारी पडला आणि आपल्या बालपणाच्या आठवणी लिहायला लागला. तिनं त्यावरून सिनेमा सुरू केला आणि सेटवर तो येऊन बसायचा. मधूनमधून कॅमेरा त्याच्या जवळ जातो: केस, डोळा, कातडीवरचे डाग, इतक्या जवळून की माणूस नकाशासारखा दिसावा. तो १९९० च्या ऑक्टोबरात गेला, सिनेमा पुढच्या वर्षी आला. दहा वर्षांनी बटाट्यांच्या रानात तिनं स्वतःच्या हाताकडे कॅमेरा वळवला, तेव्हा ती नजर कुठून आली होती ते मला हा सिनेमा दुसऱ्यांदा बघताना कळलं.

तिच्याबद्दल मनात एक कुसळ आहे, तेही लिहायला हवं. आजी सरव्याला जायची ती पोटासाठी. वार्दा वेचते ती सिनेमासाठी. बदामाचा बटाटा हातात घेऊन हरखणं हे ज्याची रात्रीची भाजी त्या ढिगावर अवलंबून नाही त्यालाच जमतं. फिल्ममध्ये आलँ नावाचा एक माणूस आहे. बाजार उठल्यावर पडलेल्या भाज्या तो उभ्या उभ्या, तिथंच खातो. जीवशास्त्रातली मोठी पदवी आहे, स्टेशनबाहेर मासिकं विकतो, आणि राहतो त्या वसतिगृहात संध्याकाळी आफ्रिकेतून आलेल्या माणसांना फुकट फ्रेंच शिकवतो. फळ्यावर चित्रं काढून. त्याच्यासमोर वार्दाचे हात, तिच्या घराच्या छतावर गळतीनं उमटलेली चित्रं, तिचं बिनकाट्यांचं घड्याळ हे सगळं मला थोडं लाडिक वाटलं होतं.

दोन वर्षांनी तिनं त्याच माणसांकडे परत जाऊन पुढचा भाग केला. त्यात आलँ तिला तोंडावर सांगतो, की फिल्म चांगली आहे, पण तुम्ही स्वतःला दाखवलंत ते अनावश्यक होतं. तिनं ते ऐकून घेतलं आणि फिल्ममध्ये ठेवलं. भिंगाच्या झाकणासारखंच. त्यानंतर माझी तक्रार संपली असं नाही, पण ती माझ्याआधीच नोंदवली गेलेली होती.

पुढची वर्षं मानसन्मानाची: २०१५ मध्ये कान चित्रपट महोत्सवाचा सन्माननीय पुरस्कार, २०१७ च्या नोव्हेंबरात सन्माननीय ऑस्कर. दोन रंगांच्या केसांची ती ठेंगणी म्हातारी तोवर जगभर ओळखीची झाली होती. ‘व्हिसाज व्हिलाज’ या माहितीपटासाठी ऑस्करचं नामांकन मिळालं तेव्हा मेजवानीला स्वतः न जाता तिनं आपला पुठ्ठ्याचा पुतळा पाठवून दिला. २९ मार्च २०१९ रोजी ती गेली, नव्वद वर्षांची. रू दागेरमधल्या दाराशी लोकांनी फुलांबरोबर बटाटे आणून ठेवले.

हे सगळं मी त्या रात्री आईला थोडं थोडं सांगत होते. मेथी कधीच निवडून झाली होती. तिला सिनेलिखाणात रस नव्हता, ऑस्करमध्येही नव्हता. तिचा जीव अडकला होता तो बटाट्यांत.

“मग त्या बदामी बटाट्यांचं काय केलं तिनं? भाजी?”

“नाही. घरी नेऊन ठेवले. सुकेपर्यंत. सुरकुतले, काळे पडले, कोंब आले, त्याचं शूटिंग करत राहिली. पुढं व्हेनिसच्या मोठ्या प्रदर्शनात त्याचंच काम मांडलं, सातशे किलो बटाटे जमिनीवर पसरून. पंच्याहत्तर वर्षांची होती. स्वतः बटाट्याचा वेष घालून दारात उभी राहिली.”

आई हसेल असं वाटलं होतं. तिनं देठांचा कागद गुंडाळला, उठली, आणि स्वयंपाकघराच्या दारात थांबून म्हणाली,

“कोंब आले म्हणजे बेणं झालं की गं. लावायचे होते.”